नाउरूच्या विमानांना हसण्यापूर्वी

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत पॅसिफिक महासागरातील नाउरू या बेटाच्या दिवाळखोरीवर आलेला लेख वाचला. खतासाठी खाणीतून काढल्या जाणाऱ्या फॉस्फेटच्या पैशावर या देशाने केलेल्या चैनीची जंत्री देताना लेखकांनी 'एअर नाउरू' ही सरकारी विमान कंपनीही त्यातच घातली आहे, आणि 'फॉस्फेट संपले तशी विमानेही संपली' असे एका वाक्यात तिला गुंडाळले आहे. मेलबर्नमध्ये बांधलेली 52 मजली इमारत आणि ही विमान कंपनी एकाच तागडीत तोलणे मला पटले नाही, म्हणून हे पत्र.

या कंपनीशी माझी ओळख कागदावरची आहे. 1980च्या दशकात मी फोर्टमधल्या एका ट्रॅव्हल एजन्सीत तिकिटे लिहीत असे. तेव्हाची तिकिटे हातानेच लिहायची, आणि त्यांच्या लाल कार्बनचे डाग व्ही.टी.हून ठाण्याची गाडी पकडेपर्यंत बोटांवरून जात नसत. टेबलावर जगभरच्या विमानांच्या वेळापत्रकाचा, टेलिफोन डिरेक्टरीएवढा जाड ग्रंथ असे. त्यात प्रत्येक कंपनीला दोन अक्षरी खूण. एअर नाउरूची 'ओएन'. भिंतीवरच्या नकाशात शोधूनही न सापडणाऱ्या त्या बेटावरून हाँगकाँग, मनिला, तैपेई, ओकिनावा, कागोशिमा, मेलबर्न, ऑकलंड इतक्या ठिकाणी विमाने जातात, हे त्या बारीक टाइपात वाचून आम्ही चकित होत असू. तिथले एकही तिकीट मी कधी लिहिले नाही, ही गोष्ट वेगळी.

नाउरूचे क्षेत्रफळ 21 चौरस किलोमीटर. आमच्या नेरूळजवळ, 25 डिसेंबर 2025पासून जिथून विमाने उडू लागली, तो नवी मुंबईचा विमानतळ 1160 हेक्टरांवर पसरला आहे. म्हणजे असे दोन विमानतळही त्या देशात मावणार नाहीत. 1980च्या सुमारास तिथली लोकसंख्या आठ हजारांच्या आसपास होती. सकाळच्या गर्दीत हार्बरच्या दोन-तीन गाड्यांत तेवढी माणसे आपण कोंबतो. तरीही कंपनीच्या भरभराटीच्या काळात तिच्या सगळ्या विमानांची आसने मोजली, तर देशाची सुमारे दहा टक्के प्रजा एकाच वेळी आकाशात बसली असती. नवी मुंबईची 2011च्या जनगणनेतली 11 लाखांवरची संख्या धरली, तर हे प्रमाण एक लाखाहून अधिक आसनांचे होते. हसू येणारच, आणि नाउरूविषयी लिहिणारा प्रत्येक जण याच आकड्यापाशी येऊन हसतो.

पण बेटाची जागा पाहावी. भोवती प्रवाळाची कडा आणि तिच्या पलीकडे लगेच खोल समुद्र, त्यामुळे तिथे नैसर्गिक बंदर नाही. फॉस्फेट नेणारी जहाजे धक्क्याला न लागता समुद्रातच साखळदंडांनी बांधून ठेवावी लागत, आणि किनाऱ्यावरून पुढे काढलेल्या लोखंडी बाहूंमधून त्यांच्यात माल ओतला जाई. सर्वांत जवळचे शेजारी बेट, किरिबातीतले बनाबा, सुमारे 300 किलोमीटरवर. धावपट्टी मात्र होती. ती दुसऱ्या महायुद्धात बेट व्यापणाऱ्या जपान्यांनी वेठीच्या मजुरांकडून करून घेतलेली. अशा देशाने 31 जानेवारी 1968 रोजी स्वतंत्र झाल्यावर विमान घ्यायचे नाही, तर काय घ्यायचे?

14 फेब्रुवारी 1970 रोजी फाल्कन 20 या लहानशा जेटने ब्रिस्बेनची पहिली फेरी झाली. त्याच वर्षी फॉस्फेटच्या खाणीही ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड यांच्या संयुक्त आयोगाकडून नाउरूच्या हाती आल्या. त्यापूर्वीची कित्येक दशके हे फॉस्फेट स्वस्तात ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडच्या शेतांवर सुपर फॉस्फेट होऊन पडत होते, आणि उकरलेल्या जमिनीची भरपाई मिळवण्यासाठी नाउरूला 1989मध्ये ऑस्ट्रेलियाला आंतरराष्ट्रीय न्यायालयात खेचावे लागले. त्या दाव्याचा आपल्या लेखात उल्लेखही नाही. फाल्कननंतर फोकर एफ-28 आणि मग बोइंग 737 व 727 आली. तारावा, माजुरो, होनियारा अशा शेजारच्या बेटांवरच्या ठिकाणांना या विमानांनी एकमेकांशी जोडले. तोवर अशा बेटांवरच्या माणसाला शेजारी जायचे तर कुठल्या तरी मोठ्या देशाला वळसा घालावा लागे. आपल्याकडे एसटीची गाडी शेवटच्या पाड्यावर चार उतारूंसाठीही जाते आणि त्याला कोणी चैन म्हणत नाही. या कंपनीचे बेटाबेटांतले काम त्याच जातीचे होते.

बिघडले ते पुढे. एसटीच्या कंडक्टरला निदान वेबिल भरावे लागते. इथे तोट्याचा हिशेब विचारणारेच कोणी नव्हते, कारण तूट फॉस्फेटच्या उत्पन्नातून निमूट भरून निघत होती. दूरच्या जपानी शहरांकडे जाणारी विमाने कितीदा जवळपास रिकामी जात. राष्ट्राध्यक्षांना गरज पडली की विमान त्यांच्यासाठी जाई आणि तिकीट काढलेले उतारू मागे राहत. 1988मध्ये वैमानिकांचा संप झाला, सुरक्षिततेच्या परवान्यांवरून शेजारी देशांनी हरकत घेतली आणि काही काळ सेवाच थांबली. त्यानंतर एकेक विमान जात राहिले. 1996मध्ये सरकारी खाते मोडून महामंडळ केले आणि सुरक्षिततेची देखरेख ऑस्ट्रेलियाकडे सोपवली. ही शिस्त आली तोवर पदरी जेमतेम एक बोइंग 737 उरले, तेही कर्जाचे. डिसेंबर 2005मध्ये अमेरिकेच्या निर्यात-आयात बँकेने थकलेल्या कर्जापोटी ते मेलबर्नमध्ये ताब्यात घेतले.

ही बातमी वाचली तेव्हा मला माझ्या सासुरवाडीचे एक नातेवाईक आठवले. तरघरकडच्या जमिनीच्या मोबदल्यातून आगाऊ रक्कम भरून त्यांनी तीन ट्रॅव्हलर गाड्या घेतल्या होत्या. पहिली गाडी रोज भरून जात असे. उरलेल्या दोन, 'आपल्याही तीन असाव्यात' म्हणून घेतलेल्या, बहुतेक दिवस दारातच उभ्या असत, आणि हप्ते तिन्हींचे चालू. शेवटी फायनान्सवाल्यांनी नेमकी भरून जाणारी गाडी आधी उचलून नेली, कारण तीच रस्त्यावर सापडली. मोबदल्याचा पैसा असाच उडतो, असे तेव्हा लग्नाच्या पंगतीत बसलेले लोक म्हणत होते. पहिली गाडी घेण्यात काहीच चूक नव्हती, हे बोलायला मात्र कोणी तयार नव्हते. आपल्या लेखाचा सूर मला त्या पंगतीतला वाटला.

शिवाय लेखातली कालगणनाही दुरुस्त व्हायला हवी. फॉस्फेटचे उत्पन्न आटल्यानंतरही कंपनी बरीच वर्षे, एका विमानावर का होईना, चालली. जप्तीनंतर बेटाला स्वतःचे विमान उरले नाही, पण 2006मध्ये तैवानच्या मदतीने एक जुने 737 घेऊन 'अवर एअरलाइन' या नावाने सेवा पुन्हा उभी राहिली, आणि 2014पासून ती 'नाउरू एअरलाइन्स' म्हणून ओळखली जाते. एअर नाउरू हे नाव गेले. ब्रिस्बेनहून नाउरूला जाणाऱ्या विमानाच्या क्रमांकापुढे मात्र आजही तीच 'ओएन' ही दोन अक्षरे लागतात. एवढी दुरुस्ती आपल्या पुढील पुरवणीत छापावी, ही विनंती.

आपला नियमित वाचक,
नेरूळ, नवी मुंबई