आजी कोणी केली, तेही छापा

महोदय,

आपल्या रविवार पुरवणीत हॉलिवूडमध्ये गाजलेल्या चिनी कलाकारांवर लेख आला होता. ब्रूस ली, जॅकी चॅन, गाँग ली सगळे आले, लिसा लू यांचं मात्र नावही नाही. चरित्र अभिनेत्रींच्या वाट्याला हे नेहमीच येतं.

लिसाबाईंचा जन्म १९२७ चा, बीजिंगचा. आई ली क्वेईफेन पेकिंग ऑपेरात, म्हणजे चीनच्या पारंपरिक संगीत नाटकात, दाढीवाल्या पोक्त पुरुषांच्या भूमिका करायच्या. मायलेकी शांघायला मेई लानफांग यांच्या घरी राहायच्या. आपल्याकडे बालगंधर्व, तसे स्त्रीभूमिकांसाठी तिकडे मेई. आई रंगमंचावर पुरुष, घरमालक रंगमंचावर स्त्री! अभिनयाची याहून चांगली शाळा कुठली असणार?

१९४७ मध्ये त्या अमेरिकेला गेल्या. १९६० मध्ये 'द माउंटन रोड'मध्ये जेम्स स्टुअर्टच्या नायिका झाल्या, आणि त्याच वर्षी 'हॅव गन – विल ट्रॅव्हल' या टीव्ही मालिकेत हॉटेलातली कामवाली. त्या पात्राला हाक मारायची ती नुसती 'हे गर्ल', म्हणजे 'ए पोरी'. तेव्हाच्या हॉलिवूडमध्ये चिनी बाईला मिळून मिळून काय मिळायचं, ते यावरून कळावं. मनाजोगत्या भूमिका मिळाल्या त्या हाँगकाँगच्या चित्रपटांत. तैवानचा मानाचा गोल्डन हॉर्स पुरस्कार त्यांना तीनदा मिळाला.

पण मला लिहायचंय ते त्यांच्या सम्राज्ञीबद्दल. चीनची राजमाता त्सूशी त्यांनी तीनदा रंगवली. १९७५ आणि १९७६ मध्ये ली हान-श्यांग यांच्या दोन चित्रपटांत ती केंद्रस्थानी होती. १९८७ च्या 'द लास्ट एम्परर'मध्ये मात्र वाट्याला आला एकच प्रसंग. मरणाला टेकलेली म्हातारी तीन वर्षांचाही नसलेल्या पू यीला समोर बोलावते आणि साम्राज्य त्याच्या हवाली करते. पोराला काही कळत नाही, आणि कळत नाही हे तिला पक्कं ठाऊक आहे. काही मिनिटांचं काम, पण पुढच्या सगळ्या चित्रपटावर त्या बाईची सावली पडून राहते. या चित्रपटाला ९ ऑस्कर नामांकनं होती, ९ च्या ९ मिळाली. त्यात अभिनयाचं नामांकन एकही नव्हतं! वेशभूषेला बक्षीस, ती वेशभूषा अंगावर पेलणाऱ्यांना काही नाही.

पुढे 'द जॉय लक क्लब'मधली आई, २०१८ च्या 'क्रेझी रिच एशियन्स'मधली आजी. तेव्हा त्या नव्वदी पार केलेल्या. हा चित्रपट तर आपल्याकडच्या पुष्कळांनी पाहिलाय, पण आजी कोणी केली ते विचारलं तर कोणाला सांगता येणार नाही. हॉलिवूडच्या वॉक ऑफ फेमवर, म्हणजे कलाकारांच्या नावाचे तारे बसवलेल्या पदपथावर, त्यांच्या नावाचा तारा बसला तो मे २०२५ मध्ये, वयाच्या ९८ व्या वर्षी.

लेखकाला दोष देत नाही, पुरवणीची जागा मोजकी असते. पण चित्रपट परीक्षणाखाली आपण कलाकारांची नावं छापता, त्यात नायक-नायिकेनंतर थेट संगीतकार येतो. मध्ये आई, आजी, शेजारीण यांची एक ओळ घालाल का?

– एक नियमित वाचक, कोल्हापूर