नोटीस फिर्यादीला, आणि फिर्यादी कोण तर हवालदार!

संपादक साहेब, नमस्कार.

मागच्या आठवड्यात तुमच्याकडे एका वाचकाचं पत्र छापून आलं, की हल्ली जो तो उठतो आणि पोलिसांच्या तपासाविरुद्ध कोर्टात जातो, ज्याचा केसशी संबंध नाही त्याने लुडबुड करू नये. ठीक आहे, पण संबंध आहे की नाही हे ठरवायचं कोणी? आमच्या घरात हेच चाललंय म्हणून लिहितोय.

मागच्या पावसाळ्यात माझ्या मावसभावाला रात्री हायवेवर गाडीने उडवलं आणि गाडी पसार झाली. आम्ही सगळे हॉस्पिटलमध्ये, मग तो गेला, पुढचं सगळं, त्यामुळे फिर्याद एका हवालदाराने सरकारतर्फे दिली आणि आम्हाला तेव्हा वाटलं की बरं झालं, एक काम वाचलं. आठ महिन्यांनी मी चौकशीला गेलो तर म्हणे 'ए समरी' कोर्टात कधीच पाठवली, म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही म्हणून केस बंद करा असा पोलिसांचा अहवाल. कोर्टातून नकला काढल्या तर त्यात फिर्यादीला नोटीस दिल्याची पोच, सही, खाली हवालदाराचा बक्कल (बिल्ला) नंबर आणि शेरा "हरकत नाही". तपास त्याच स्टेशनचा, फिर्यादी त्याच स्टेशनचा, त्याची कशाला हरकत असेल?

सुप्रीम कोर्टाने 1985 सालीच भगवंत सिंग केसमध्ये सांगितलंय की पोलीस केस बंद करा म्हणत असतील तर मॅजिस्ट्रेटने फिर्यादीला नोटीस देऊन त्याचं ऐकलंच पाहिजे. पण त्याच निकालात पुढे असं आहे की मयताच्या नातेवाईकाने स्वतः फिर्याद दिली नसेल तर त्याला नोटीस मिळण्याचा हक्क नाही, मात्र त्याला कुठूनतरी कळलं आणि तो हजर झाला तर त्याचं म्हणणं ऐकायचं. म्हणजे बोलायचा हक्क आहे, पण कधी बोलायचं हे कोणी सांगणार नाही!

नवीन कायद्यात, म्हणजे 1 जुलै 2024 पासून फौजदारी तपासासाठी जी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आलीय तिच्यात, 90 दिवसांत तपास कुठवर आला ते फिर्यादीला किंवा पीडिताला कळवायचं असं कलम 193 मध्ये आहे, मोबाईलवर कळवलं तरी चालतं. पीडितात कायदेशीर वारस पण येतो. मावशीचा नंबर पंचनाम्याच्या वेळीच घेतला होता, मेसेज एक नाही.

कोर्टात क्लार्कने मला विचारलं तुम्ही कोण, मावसभाऊ म्हटल्यावर कागद परतच दिले, मग मावशीच्या नावाने अर्ज केला. नशीब समरी अजून मंजूर झाली नव्हती. अर्जात एकच मुद्दा लिहिलाय, अपघाताच्या जागेपासून जेमतेम दोनशे मीटरवर पेट्रोल पंप आहे, त्याचा कॅमेरा रस्त्याकडे तोंड करून आहे आणि फुटेज कोणीच घेतलं नाही. पंपवाला म्हणाला साहेब, पंधरा दिवसांनी ते आपोआप पुसलं जातं. हे पहिल्या आठवड्यात मावशीला कोणी विचारलं असतं तर तिनेच सांगितलं असतं, तिचा मुलगा रोज तिथेच पेट्रोल भरायचा.

आता त्या वाचकांचा मुद्दा. तोफा खरेदीतल्या लाचेच्या बोफोर्स केसमध्ये सुप्रीम कोर्टाने त्रयस्थांना बाहेर ठेवलं हे खरंय, आणि राजकारणासाठी याचिका टाकणारे असतात हेही मला मान्य. पण माजी मुख्यमंत्री अंतुले यांच्या केसमध्ये 1984 ला त्याच कोर्टाने म्हटलं की कायद्याने वेगळं सांगितलं नसेल तर गुन्ह्याची तक्रार कोणीही करू शकतो, त्यासाठी स्वतःचं नुकसान झालेलं असायला नको. आम्ही तर त्रयस्थ पण नाही हो. 2022 ला शेतकऱ्यांवर गाडी घातल्याच्या लखीमपूर खीरीच्या केसमध्ये तर तपासापासून प्रत्येक टप्प्यावर पीडिताला ऐकून घ्यायला हवं असं स्पष्ट सांगितलंय.

त्यामुळे गृहखात्याकडे एवढंच मागणं आहे, तुम्ही छापाल तर बरं होईल. जिथे पोलीस स्वतः फिर्यादी असतील तिथे समरी कोर्टात पाठवायच्या आधी मयताच्या वारसाला नोटीस दिल्याची पोच जोडणं सक्तीचं करा, फॉर्मवर एक रकाना वाढवायचा फक्त. मावशीची पुढची तारीख तीन आठवड्यांनी आहे.

आपला,
एक वाचक