फ्लशची टाकी भरत नसेल तर आधी दोष ओळखावा

संपादक महोदय,

पाणीबचतीवर वृत्तपत्रांत जे लिहून येते, त्यात गळके नळ आणि दाढी करताना सोडून दिलेले पाणी यांचा समाचार हटकून घेतलेला असतो. शौचालयातील फ्लशच्या टाकीकडे मात्र फारसे कोणी वळत नाही. ही टाकी नीट भरत नाही, ही तक्रार घरोघरी असते आणि त्यावर बहुधा एकच उत्तर मिळते : ‘आतला सगळा सेट बदलावा लागेल.’ अनेकदा ते अनावश्यक असते, असे माझे मत आहे.

टाकी न भरण्यामागे दोन अगदी वेगळी कारणे असू शकतात. एक तर पाणी आत पुरेसे येत नाही, किंवा आलेले पाणी आत टिकत नाही. हे ठरवल्याशिवाय पान्याला हात लावू नये. टाकी भरू द्यावी, भरतच नसेल तर सरळ बादलीने भरावी, मग भिंतीजवळचा अँगल कॉक (टाकीचे पाणी चालू-बंद करणारी तोटी) बंद करून पाण्याच्या पातळीवर पेन्सिलीने रेघ ओढावी आणि अर्धा तास फ्लश वापरू नये. पाणी रेघेखाली गेले, तर तळाशी गळती आहे. शंका उरलीच, तर टाकीत खाण्याचा रंग घालावा. फ्लश न करताही तो भांड्यात उतरला, की निकाल लागला. अशा वेळी तळाचा रबरी वॉशर कडक झालेला असतो, त्याच्या बैठकीवर क्षार साचलेले असतात किंवा वॉशर उचलणारी साखळी इतकी ताणलेली असते, की तो पुरता बसतच नाही. बैठक ओल्या फडक्याने पुसून वॉशर बदलला, तर बहुतेक वेळा काम भागते.

पाणी रेघेवरच राहिले, तर दोष पाणी येण्याच्या वाटेवर आहे. अँगल कॉक अर्धवट बंद राहिलेला नाही ना, हे आधी पाहावे (हे सुचवले की लोक हसतात, पण तपासायला काहीच लागत नाही). मग तो बंद करून जोडनळी टाकीकडून सोडवावी, तिचे तोंड बादलीत धरून कॉक उघडावा. धार जोरदार असेल, तर अडथळा टाकीत पाणी सोडणाऱ्या व्हॉल्व्हमध्ये आहे. ती मुळातच बारीक असेल, तर नवा व्हॉल्व्ह बसवून काहीही साधणार नाही. बऱ्याच व्हॉल्व्हच्या तोंडाशी बोटाच्या पेराएवढी एक जाळी असते. पाण्याच्या साठवण टाकीची सफाई झाल्यावर किंवा पाइपलाइनचे काम झाल्यावर तिच्यात वाळू आणि गंजाचे कण अडकतात, आणि एरवी दोनतीन मिनिटांत भरणारी टाकी ताटकळत ठेवते. जाळी जुन्या टूथब्रशने धुवावी, क्षार धरले असतील तर काही वेळ व्हिनेगरमध्ये बुडवून ठेवावी. परत बसवताना प्लॅस्टिकचे आटे हातानेच आवळावेत. जोर लावला, तर आटे जातात, प्रसंगी चिनी मातीची टाकीही तडकते. फ्लोट, म्हणजे पाण्यावर तरंगून व्हॉल्व्ह बंद करणारा भाग, टाकीच्या भिंतीला घासून अडकत नाही ना, तेही जाता जाता पाहावे.

काही ठिकाणी मात्र दोष कशातच नसतो. दहा मीटर उंचीवरून येणाऱ्या पाण्याचा दाब सुमारे 1 बार असतो, तर साठवण टाकी जेमतेम दोन मीटर वर असलेल्या सर्वांत वरच्या मजल्यावर तो 0.2 बारच भरतो. जास्त दाबासाठी बनवलेल्या व्हॉल्व्हचे छिद्र अरुंद असल्याने तेथे टाकी रेंगाळतच भरणार, आणि तसलाच व्हॉल्व्ह पुन्हा बसवणे म्हणजे पैसे पाण्यात घालणे होय. तेथे कमी दाबाचा व्हॉल्व्ह मागून घ्यावा.

उत्पादकांनी टाकीच्या झाकणाच्या आतल्या बाजूस सुट्या भागांची आकृती आणि व्हॉल्व्हला लागणारा किमान दाब छापावा, तसेच वॉशर आणि जाळी सुटी मिळण्याची सोय करावी. भिंतीत बुजवलेल्या टाक्यांच्या बाबतीत तर हे अधिकच निकडीचे आहे, कारण तेथे बटणाची पट्टी काढून एवढ्याशा झरोक्यातून काम करावे लागते आणि आत काय आहे, हे घरमालकाने कधी पाहिलेलेच नसते. आपल्या गृहविषयक पुरवणीत अशी एखादी आकृती छापता आली, तर वाचकांची सोय होईल.

आपला,
एक वाचक