बाळूच्या नाकातली पात

आई, बाबा,

आपला बोका बाळू बरा आहे, आत्ता कोचावर पसरलाय, हे आधी सांगतो म्हणजे आई पुढचं शांतपणे वाचेल. फोनवर धड बोलणं झालंच नाही, तिकडं दादाकडचा टीव्ही आणि इकडं पत्र्यावर पाऊस.

तर त्याला अचानक शिंका सुरू झाल्या, त्या पण लागोपाठ, मान खाली घालून, आणि मधेच पंजानं नाक घासायचा, आवंढा गिळताना ओकारी आल्यासारखं करायचा. सर्दी म्हणावी तर पाणी एकाच नाकपुडीतनं येत होतं, संध्याकाळी त्यात रक्ताचा बारीक धागा दिसला. दूध, चिकन, सगळं नुसतं बघायचा आणि तोंड फिरवायचा.

आई, तू कापूर हुंगवायला सांगितलंस ना, ते मी मुद्दाम केलं नाही. कापूर, व्हिक्स, निलगिरी हे मांजराला विषारी असतं, आणि आपली क्रोसिन तर कधीच नको, पॅरासिटामॉलची एक गोळीसुद्धा त्याचा जीव घेऊ शकते. बाबा, तुम्ही सांगितलेला चिमटापण मी वापरला नाही, कारण बाहेर काहीच दिसत नव्हतं आणि आत आंधळेपणानं खुपसलं तर ते आणखी मागं जातं नाहीतर तुटून आतच राहतं.

मग झाकणाच्या बास्केटमध्ये घालून रिक्षानं दवाखान्यात नेला (रिक्षावाला विचारतोय, काय कोंबडी काय त्यात?). डॉक्टर म्हणाले एक्स-रेत गवत दिसतच नाही, भूल देऊनच बघावं लागणार. भूल चढल्यावर तोंड उघडून टाळूच्या मागचा मऊ पडदा आकड्यानं पुढं ओढला तर तिथं हिरवं टोक! घशाच्या बाजूनं हळूच ओढलं आणि बोटाएवढी पात निघाली, शेंबडानं माखलेली. कसली असेल सांग? आईच्या कुंडीतला गवती चहा!

मांजरं गवत खातात, मग ओकतात, त्यात एखादी पात बाहेर न पडता टाळूमागनं वर नाकात चढते म्हणे. आणि गवती चहाची कड किती धारदार असते ते आईला माहितेय, शेंड्याकडनं बुडख्याकडं बोट फिरवलं की कापतंच. तेच बारीक दात आत अडकून बसतात, म्हणून कितीही शिंकला तरी ती निघेना.

आता सूज उतरेपर्यंत थोड्या शिंका येतील. मांजर वासावर जेवतं, नाक बंद असलं की खातच नाही, आणि दोन-तीन दिवस उपाशी राहिलं तर लिव्हरवर येतं, म्हणून चिकन कोमट करून देतोय, वास जरा जास्त येतो. काल वाटी चाटून पुसून साफ केली पठ्ठ्यानं. तोंड उघडं टाकून श्वास घ्यायला लागला तर मात्र रात्र असो की पाऊस, लगेच दवाखाना, हे तुम्ही आल्यावरपण लक्षात ठेवा.

गवती चहाची कुंडी शेजारच्या काकूंकडं दिलीय, चहाला पात हवी तर तिथनं आणायची, आई रागावू नको, काकूंकडं मांजर नाही. बाबा, दवाखान्याचे पैसे मी भरलेत, गुगल पे करत बसू नका. आणि तिकीट काढलं की कळवा, स्टँडवर घ्यायला येतो.

तुमचा
बंड्या