मंत्रिमहोदय, रंगावरून मासा ताजा ठरत नाही

प्रति,
मा. मंत्री, अन्न व औषध प्रशासन,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

महोदय,

सादर नमस्कार. गेल्या रविवारी पुण्यातल्या एका दुकानातून घेतलेल्या सालमनच्या पाकिटाचं लेबल समोर ठेवून हे पत्र लिहीत आहे. 'फ्रेश सालमन' हे दोन शब्द, आदल्या दिवशीची पॅकिंगची तारीख, १४ आकडी परवाना क्रमांक आणि अर्ध्या किलोची किंमत बाराशे रुपये. याखेरीज त्यावर काही नाही. मासा दिसायला झकास केशरी होता. प्लास्टिक फाडलं आणि जुन्या तेलासारखा खवट वास आला. खालचा शोषक कागद थबथबलेला होता, तुकडा उचलताच मांसाच्या पाकळ्या सुट्या झाल्या. दुकानदाराचं उत्तर एवढंच, "रंग बघा ना, मासा ताजाच आहे."

हे वाक्य पुण्यात जिथे सालमन मिळतो तिथे ऐकू येतं, आणि ते साफ चुकीचं आहे.

सालमनचं मांस केशरी होतं ते अ‍ॅस्टाझॅन्थिन नावाच्या रंगद्रव्यामुळे. समुद्रात फिरणारा सालमन कोळंबीच्या जातीचे बारीक जीव खातो, त्यातून त्याला ते मिळतं. आपल्याकडे विमानाने येतो तो बहुतांशी नॉर्वेच्या पिंजऱ्यांत वाढवलेला अटलांटिक सालमन. त्याला हेच द्रव्य खाद्यात मिसळून देतात, नाही दिलं तर मांस फिकट, करडट राहतं. किती गडद मासा हवा हे ठरवायला या धंद्यात २० ते ३४ क्रमांकांची रंगपट्टी वापरतात. युरोपात खाद्यातल्या या द्रव्याला किलोमागे १०० मिलिग्रॅमची मर्यादा आहे. त्यात विषारी काही नाही, घाबरायचंही कारण नाही. पण रंग मासा जिवंत असतानाच ठरून जातो. मेल्यावर तो किती दिवस कुठे पडून होता, हे त्या रंगावरून कळणार कसं? सॉकाय जातीचा सालमन मुळातच लालभडक असतो, आणि किंग सालमनमधल्या काही माशांचं मांस चक्क पांढरं असतं. दोन्ही सारखेच ताजे असू शकतात. त्यातून काचेमागे गुलाबी दिवे लावले की शिळा तुकडाही खुलून दिसतो.

ताजेपणा बघायचा तो बोटाने आणि नाकाने. बोटाने दाबल्यावर खळगा लगेच भरून यायला हवा. मांसाच्या पाकळ्यांमध्ये भेगा पडल्या असतील तर मासा जुना तरी आहे, नाहीतर हाताळणीत किंवा गोठवून वितळवताना त्याचे हाल झालेत. पाकीट उभं धरावं. कोपऱ्यात दुधाळ पाणी साचलं तर घेऊ नये. कडा पिवळट-तपकिरी आणि कोरड्या झाल्या असतील तर चरबी खवट व्हायला लागली आहे. वास समुद्राच्या खाऱ्या वाऱ्यासारखा हलका असावा. आंबट किंवा अमोनियासारखा आला की मासा परत करावा. कातडीलगतचा करडा-तपकिरी थर मात्र खराब नसतो. ते चरबीयुक्त मांस असतं आणि लोक उगाच खरवडून टाकतात. पण बंद प्लास्टिकमधून वास घेता येत नाही. म्हणून लेबल खरं हवं, महोदय. ग्राहकाच्या हातात दुसरं काही ठेवलेलंच नाही.

आणि लेबलावर साधं नावही खरं नसतं. आपला रावस 'इंडियन सालमन' म्हणून विकला जातो, हॉटेलांच्या मेनूत तर सर्रास. रावस वेगळ्या कुळातला, पांढऱ्या मांसाचा, चवीला उत्तम मासा आहे. त्याला उसन्या नावाची गरज नाही. त्याची पारखही वेगळी. ताज्या रावसाच्या डोळ्यावरसुद्धा चरबीचा पारदर्शक पडदा असतो, त्यामुळे डोळा धुरकट दिसतो. डोळ्यावर न जाता कल्ला उचलून बघावा लागतो: लाल आणि ओलसर असला तर घ्यावा, विटकरी आणि चिकट असला तर सोडावा. गणेश पेठेतल्या मासळी बाजारात कल्ला उचलून बघता तरी येतो. तुकड्या करून पाकिटात भरलेल्या माशाचा कल्ला कुठून आणायचा?

२०१८ मध्ये आपल्याच खात्याने खाण्यासाठी नसलेला बर्फ निळा करण्याचा आदेश काढला होता. चांगला आदेश होता, कारण तो कुणालाही डोळ्यांनी पडताळता येत होता. पुण्याला समुद्र नाही, इथे येणारी प्रत्येक सुरमई बर्फावर घाट चढून येते. मासा आणि बर्फ वजनाला निम्मे-निम्मे हवेत, बर्फ पिण्याच्या पाण्याचा हवा. तो तसा असतो का, कोण बघतं? १ जून ते ३१ जुलै पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक बोटींना बंदी असते, आणि त्या दोन महिन्यांतही 'ताजी' सुरमई मिळते. ती गोठवलेली असेल तर असू द्या, नीट गोठवलेला मासा वाईट नसतो. पण तसं लिहा!

तपासणीच्या बातम्या येतात त्या दिवाळीच्या तोंडावर, खवा-पनीरच्या. अन्न सुरक्षा कायद्याचं कलम ४० ग्राहकाला स्वतः नमुना तपासून घेण्याचा हक्क देतं. पण शुल्क ग्राहकाने आधी भरायचं, दोष निघाला तर ते परत, आणि खरेदी करतानाच दुकानदाराला सांगायचं की हा नमुना तपासणीला जाणार आहे. अहवालाला कायद्याने १४ दिवस. घरी येऊन पाकीट फोडल्यावर ज्याला वास आला, त्याच्या हाती यातलं काय उरतं? कायदा २००६चा आहे, चुकीच्या लेबलला तीन लाखांपर्यंत दंड त्यात लिहिलेला आहे, आणि तरीही माणसाने नाक आणि नशीब यांच्या भरवशावर बाजारात जायचं. दुधात तेच, तुपात तेच, मिरचीपुडीत तेच. परवाना क्रमांक छापला की सरकारची जबाबदारी संपली, असं का मानलं जातं?

पाकिटावर माशाची जात, देश, पिंजऱ्यातला की समुद्रातला, गोठवून वितळवला असल्यास तसा स्पष्ट उल्लेख आणि पॅकिंगच्या आधीची, मासा कापल्याची तारीख, एवढं सक्तीचं करा. रावसाला रावस म्हणायला लावा. कोचीच्या केंद्रीय मत्स्य तंत्रज्ञान संस्थेने मासा टिकवायला चोरून वापरतात ती फॉर्मलिन आणि अमोनिया ही रसायनं ओळखणाऱ्या कागदी पट्ट्या केव्हाच तयार केल्या आहेत. त्या पुण्याच्या प्रत्येक मासळी बाजारात ग्राहकाला हाताशी मिळू द्या.

लेबल आणि बिल जपून ठेवलं आहे. आपला अधिकारी मागेल त्या दिवशी दाखवायला तयार आहे. मासा मात्र टाकून द्यावा लागला.

आपला,
पुण्यातील एक मासेखाऊ ग्राहक