घर पाहावं फेडून

दादर, मुंबई

प्रिय वैशू,

भांडुपच्या फ्लॅटची कॉस्ट शीट पाहिली. सॅम्पल फ्लॅटचे फोटोही पाहिले. स्वयंपाकघराची खिडकी मोठी आहे, म्हणजे तुझं मन तिथेच अडकलं असणार. मुद्दाम फोन केला नाही. फोनवर तू "हो गं, हो गं" करतेस आणि मग प्रशांतच्या कानावर निम्मंच घालतेस. हे आकडे दोघांनी समोर ठेवून वाचायचे आहेत, म्हणून लिहिते आहे. इतकी वर्षं बँकेच्या कर्ज विभागात बसून परक्या माणसांना तक्ते काढून देते, तर तुला का नाही?

तुझं म्हणणं असं: नव्वद लाखांचं घर, ७० लाखांचं कर्ज, तीस वर्षांची मुदत, हप्ता ५१ हजार, जमेल. जमेलच. दोघांच्या पगाराच्या स्लिपा पाहून तुमच्या बँकेनेही तेच सांगितलंय. पण तिने सांगितलं ते दरमहा तुम्हाला किती झेपेल एवढंच. घर केवढ्याला पडेल, हे तिला कुणी विचारत नाही आणि ती आपणहून सांगत नाही.

तर आधी तेच बघू. ७० लाख, व्याज ८ टक्के. वीस वर्षांची मुदत घेतलीस तर हप्ता ५८,५५१ रुपये आणि एकूण व्याज ७० लाख ५२ हजारांच्या आसपास. जेवढं घेतलं तेवढंच वर. तीस वर्षांची घेतलीस तर हप्ता ५१,३६४ आणि व्याज जवळजवळ १ कोटी १५ लाख. महिन्याला ७,१८७ रुपये कमी भरायचे म्हणून शेवटी ४४ लाख जास्त भरायचे. प्रशांत आज ३६ चा आहे. शेवटचा हप्ता जाईल तेव्हा ६६ चा असेल, आणि पगार तर साठीतच थांबलेला असेल.

हे असं का होतं, ते पहिल्या महिन्याच्या हिशोबात दिसतं. व्याज लागतं ते शिल्लक मुद्दलावर. ७० लाखांवर ८ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज ४६,६६७ रुपये. मुदत वीस असो की तीस, हे तेवढंच. ते आधी वळतं होतं आणि उरेल ते मुद्दलात जातं. वीस वर्षांच्या कर्जात ११,८८४ रुपये उरतात. तीस वर्षांच्या कर्जात ४,६९७. एक्कावन्न हजार भरल्यावर कर्ज पावणेपाच हजारांनी कमी होतं, वैशू! अशी दहा वर्षं नियमाने भरलीस, एकही हप्ता चुकवला नाहीस, तर बँकेत ६१ लाख ६४ हजार गेलेले असतील आणि कर्ज शिल्लक असेल ६१ लाख ४१ हजार. काउंटरपलीकडच्या माणसाला मी हा आकडा दाखवते तेव्हा तो माझा कॅल्क्युलेटर मागून घेतो आणि स्वतः करून बघतो. प्रशांतनेही बघावा. वीस वर्षांच्या मुदतीत त्याच टप्प्यावर ४८ लाख राहतात. तेही कमी नाहीत, पण निदान उतरणीला लागलेले असतात.

आता प्रशांत म्हणेल की तीस वर्षांनी ५१ हजारांना काय किंमत राहणार, महागाईत हप्ता आपोआप हलका होतो. त्याचं खरं आहे. भाडं वाढत जातं, हप्ता तसा वाढत नाही, आणि पगार वाढले तर पुढची वर्षं सोपी जातात. पण हा हिशोब धरायचा तर दर तीस वर्षं आठावरच राहील असंही धरावं लागतं. तसं ते राहत नाही. मे २०२२ च्या आधी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर (ती ज्या दराने बँकांना पैसे देते तो) ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहावर गेला. २०२५ मध्ये चार वेळा कमी होऊन डिसेंबरात सव्वापाचवर आला. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचं कर्ज त्याच्या मागे जातं. चढत्या काळात आमच्याकडे माणसं खातेउतारा घेऊन यायची, कारण हप्ता तोच दिसत होता आणि मुदत मात्र पाच-पाच, सात-सात वर्षांनी पुढे सरकली होती. बहुतेक बँका आधी मुदत वाढवतात, म्हणून खिशाला लगेच कळत नाही.

तुझ्या आकड्यांवरच करून बघ. वीस वर्षांचं कर्ज सुरू झालं आणि लगेच दर ८ चा ९ झाला. हप्ता तोच ठेवला तर मुदत पंचवीसच्याही पुढे जाते. तीस वर्षांच्या कर्जात तर गंमतच आहे. ९ टक्क्यांनी महिन्याचं व्याज होतं ५२,५०० आणि तुमचा हप्ता ५१,३६४. हप्ता व्याजालाही पुरत नाही, म्हणजे भरत असताना कर्ज वाढतं. असं होऊ द्यायचं नाही, आणि दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं, असं रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बजावलं आहे. पण विचारणारा मेसेज येतो तो कपड्यांच्या सेलच्या आणि लकी ड्रॉच्या मेसेजांमध्ये. तो वाचायचा. दर वाढला तर हप्ता वाढवून घ्यायचा. दर उतरला तर हप्ता तोच ठेवून मुदत कमी करून घ्यायची. तीस वर्षांची मुदत घेणाऱ्याजवळ इथे हलायला जागाच उरत नाही, माझा खरा आक्षेप तो आहे.

कॉस्ट शीटवर येते. नव्वद लाखांत तुमचे स्वतःचे २० लाख. मुंबईत स्टॅम्प ड्युटी मेट्रोचा एक टक्का धरून ६ टक्के, म्हणजे ५ लाख ४० हजार. रजिस्ट्रेशन ३० हजार. बांधकाम चालू आहे म्हणून जीएसटी ५ टक्के, साडेचार लाख. हे सगळे मिळून ३० लाख २० हजार आधी उभे करायचे, आणि स्टॅम्प ड्युटी-रजिस्ट्रेशन बँक घराच्या किमतीत धरत नाही. तू या रकमेच्या पुढे "बघू" असं लिहिलं आहेस. "बघू" म्हणजे पीएफ, नाहीतर आईंच्या पाटल्या, नाहीतर पर्सनल लोन. पाटल्यांवर कर्ज काढायचं झालं तर तेही व्याज याच घराच्या नावावर मांड. (घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर स्टॅम्प ड्युटीत एक टक्का सूट आहे. तुमच्या बाबतीत ९० हजार. हे प्रशांतला तूच सांग, मी नाही सांगणार.)

पझेशन तीन वर्षांनी म्हणतात. बिल्डरला पैसे स्लॅबप्रमाणे जातील आणि तेवढ्यावर तुम्हाला प्री-ईएमआय लागेल. ते निव्वळ व्याज असतं, मुद्दलाला हातही लागत नाही. तीन वर्षांत सरासरी निम्मं कर्ज उचललं असं धरलं तर ८ लाख ४० हजार. हे वरच्या हिशोबात कुठेच नाहीत. वर कन्नमवार नगरच्या आताच्या घराचं २८ हजार भाडं चालूच. महारेराच्या, म्हणजे बिल्डरांवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी प्राधिकरणाच्या साइटवर प्रकल्पाचा नंबर टाकून पझेशनची तारीख किती वेळा पुढे ढकलली आहे ते बघ. सेल्सवाल्या मुलाला विचारू नकोस, त्या बिचाऱ्याला टार्गेट असतं.

एक ओळ मला खटकली. सॅन्क्शन लेटरमध्ये, म्हणजे कर्जमंजुरीच्या पत्रात, विम्याच्या एकरकमी हप्त्याचे दोन लाख कर्जासोबत घातले आहेत. हे दोन लाख कर्जातच मिसळले की वीस वर्षांत त्यांचे चार लाख होतात. तो विमा कर्जासाठी सक्तीचा नसतो, आग्रहाने विकला जातो. प्रशांतने साधा टर्म इन्शुरन्स वेगळा घ्यावा. विमा हवाच, त्यात वाद नाही. तो व्याजाने घेऊ नये एवढंच.

करसवलतीवर फार विसंबू नकोस. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, आणि तुम्ही दोघं त्यातच आहात. जुन्या पद्धतीत मिळते ती वर्षाला दोन लाखांपर्यंत. तुमचं पहिल्या वर्षाचं व्याजच साडेपाच लाख होईल.

मग भाड्यानेच राहायचं का? तसं मी म्हणत नाही. २८ हजार भाडं दर वर्षी ५ टक्क्यांनी वाढत गेलं तर वीस वर्षांत १ कोटी ११ लाख जातील आणि हाती काही राहणार नाही. पंधरा-सोळा वर्षांनी ते भाडं आजच्या ५८ हजारांच्या हप्त्याला गाठेल. शिवाय दर अकरा महिन्यांनी ते ॲग्रीमेंट, ते ब्रोकरेज, आणि घरमालकाचा मुलगा नेमका ओवीच्या परीक्षेच्या तोंडावर परत यायचा. घर असावं. आपल्या आयांच्या तोंडी "घर पाहावं बांधून" असायचं. मुंबईत बांधायला कुणी जात नाही, इथे घर पाहावं फेडून. किती वर्षांत फेडायचं ते मात्र सही करण्याआधी ठरवायचं, कारण बिल्डरकडे घासाघीस करून तू दोन लाख कमी करशील आणि मुदतीच्या रकान्यात वीसऐवजी तीस लिहून ४४ लाख वाढवून येशील.

माझ्या मनात काय आहे सांगू? रीसेल बघा. भांडुपलाच किंवा तुमच्या कन्नमवार नगरच्या बाजूला, ओसी (राहायला परवानगी देणारा पालिकेचा दाखला) असलेली, दहा-बारा वर्षं जुनी बिल्डिंग. जिम नसेल, पोडियम गार्डन नसेल. पंचाहत्तर लाखांत मिळाला आणि कर्ज ५५ लाखांचं केलंत, तर वीस वर्षांच्या मुदतीला हप्ता ४६ हजार. नव्या टॉवरच्या तीस वर्षांच्या हप्त्यापेक्षाही पाच हजारांनी कमी, आणि दहा वर्षं आधी मोकळे. व्याज ५५ लाख ४० हजार. तयार घराला जीएसटी नाही, प्री-ईएमआय नाही, तीन वर्षांचं दुहेरी ओझं नाही. सोसायटीला ट्रान्सफर प्रीमियम द्यावा लागेल, तो जास्तीत जास्त २५ हजार. त्यावर मागितले तर नियम विचार. मेंटेनन्सही टॉवरपेक्षा कमी बसतो, आणि मेंटेनन्स हा असा हप्ता आहे जो कधीच संपत नाही.

तरी टॉवरच घ्यायचा असेल तर घ्या, मी वास्तुशांतीला येईन आणि नावंही ठेवणार नाही. पण मुदत वीस. आणि जमेल तेव्हा वरचे पैसे भरायचे, ते सुरुवातीच्या वर्षांत. वीस वर्षांच्या कर्जात अगदी सुरुवातीला एक लाख भरलास तर शेवटचे आठ हप्ते गळतात. तोच लाख पंधरा वर्षांनी भरलास तर जेमतेम अडीच. फ्लोटिंग गृहकर्ज मुदतीआधी फेडायला वैयक्तिक कर्जदाराला दंड नाही. मात्र पैसे भरताना "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा" असं लेखी द्यायचं. आमच्याकडे ह्यांचा दिवाळीचा बोनस आधी कर्जखात्यात जातो. तू दर वेळी ज्या सोफ्याला हसतेस तो म्हणूनच अजून लग्नातला आहे.

आता बँकेत जाशील तेव्हा की फॅक्ट स्टेटमेंट माग. ऑक्टोबर २०२४ पासून ते देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे खर्च धरून वर्षाला खरा दर किती पडतो ते असतं आणि परतफेडीचा पूर्ण तक्ताही असतो. तक्त्यातला १२० वा महिना शोध आणि समोरची शिल्लक वाच. शिवाय दर रेपोला जोडलेला आहे का, त्यावर स्प्रेड, म्हणजे बँकेने वर लावलेले टक्के किती, हे लिहून घे. बँकेने जोडलेला असतो, हाउसिंग फायनान्स कंपनीवर तसं बंधन नाही. तू दोन्हीकडे अर्ज केलेत म्हणून सांगते.

टोकन अजून दिलेलं नाही ना? रविवारी प्रशांतला घेऊन जेवायलाच या. ओवीलाही आणा. मी लॅपटॉपवर दोन्ही तक्ते काढून ठेवते. भांडायचं असेल तर आकड्यांशी भांडा.

तुझी,
मंजू

ता. क. कॉस्ट शीटमध्ये पार्किंगचे चार लाख वेगळे लावले आहेत. ते उघडं पार्किंग आहे की छताखालचं, विचार. उघडं पार्किंग रेराच्या कायद्यात सोसायटीच्या सामाईक जागेत मोडतं, ते बिल्डरला विकता येत नाही. आणि तुमच्याकडे तर स्कूटर आहे.