कॅमेरा घ्यायला परत येताना

चि. मेघा हिस अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र पोचले. हिमाचलातल्या स्पितीत पंधरा दिवस एकटीने राहून स्वतःच स्वतःचा माहितीपट करण्याचा तुझा बेत ऐकून आईचा जीव खालीवर होतो आहे. मी मात्र तुला अडवणार नाही, कारण वनरक्षक म्हणून मी उभी हयात नागझिऱ्यात काढली आणि ती ओढ मला ठाऊक आहे.

मला धास्ती आहे ती कॅमेऱ्याची. दिवाळीत तू मला अलास्कातल्या डिक प्रेनेकीचे चित्रण दाखवलेस. १९६८ साली पन्नाशी ओलांडलेल्या त्या माणसाने ओंडके तासून एकट्याने घर बांधले आणि तेही चित्रित केले. तो झाडीत दिसेनासा होतो, तेव्हा कॅमेरा घ्यायला तोच परत आलेला असणार. दोनशे मीटर चालत गेल्याचे दृश्य हवे, तर दोनशे जायचे, दोनशे परत यायचे आणि पुन्हा तेवढेच जायचे, म्हणजे पायाखाली सहाशे मीटर. शिधा बांधताना ही पायपीट हिशेबात धर. प्रेनेकीला निदान विमानाने डाक आणि सामान येत असे. २००९ मध्ये कॅनडातल्या युकॉनच्या रानात एकटा उतरलेला एड वॉर्डल हा कसलेला गिर्यारोहक आणि कॅमेरामन. भुकेने आणि एकटेपणाने खचून त्यालाही ५० दिवसांनी परतावे लागले.

बुद्धपौर्णिमेच्या वन्यप्राणी प्रगणनेत एकदा मी पाणवठ्यावरच्या मचाणावर एकटा होतो. रात्री अकराच्या सुमारास पाण्याची बाटली हातातून निसटून खाली पडली. मे महिना, जीभ टाळूला चिकटलेली आणि चांदण्यात ती बाटली स्पष्ट दिसत होती. शिडीच्या दोन पायऱ्या मी उतरलोही होतो, पण का कोण जाणे, पुन्हा वर चढलो. पहाटे तीनला अस्वलीण पिल्लू पाठीवर घेऊन आली आणि बाटली हुंगून पाण्यावर गेली. तुझा कॅमेरा दरीत घसरला, तर तो तिथेच राहू दे. मी दुसरा घेऊन देईन, त्यासाठी धानाचे पैसे बाजूला ठेवतो.

स्पितीतले मुख्य गाव काझा हेच साडेतीन हजार मीटरच्या वर आहे. ३,००० मीटरनंतर मुक्कामाची उंची एका दिवसात ५०० मीटरहून अधिक वाढवू नये आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस विसावा घ्यावा. डोके दुखून उलट्या होऊ लागल्या, तर दृश्य अर्धवट टाकून खाली उतर. बॅटऱ्या थंडीने लवकर उतरतात, म्हणून रात्री त्या अंथरुणात घेऊन नीज. सॅटेलाइट फोन सरकारी परवानगीशिवाय बाळगता येत नाही, तेव्हा त्याच्या भरवशावर राहू नकोस. मार्ग, मुक्काम आणि परतीची तारीख कागदावर लिहून एक प्रत शेवटच्या गावात विश्वासाच्या माणसाकडे ठेव, दुसरी मला पाठव. त्या तारखेला संध्याकाळपर्यंत तुझा निरोप आला नाही, तर मी तिथल्या पोलिसांना फोन करणार आहे. तेव्हा रागावू नकोस.

आई जवसाची चटणी कुटते आहे. भाजलेले पोहेही बांधून देतो. कागद आधी पाठव.

तुझे बाबा